मेंढीकोट: चौघांत एका कॅटवर कसा खेळावा आणि दश्शी घरी कशी आणावी

प्रश्न थोडक्यात असा आहे: खेळायला चार माणसे आहेत, पत्त्यांचा एक साधा कॅट आहे, सगळ्यांना रमी येते, पण मेंढीकोट कुणी नियमांनिशी शिकवलेला नाही, आणि जेवढे डाव खेळून पाहिले त्यांत हात (एकेका फेरीत पडणारी चौघांची चार पाने) पुष्कळ मिळूनही शेवटी हार पदरी आली, ती का, हेही समजून घ्यायचे आहे. या दोन्ही गोष्टींचे उत्तर एकत्रच द्यावे लागते, कारण या खेळाचे नियम जितके सोपे आहेत तितकाच त्यांचा परिणाम सहज लक्षात न येणारा आहे. डावात तेरा हात असतात, पण निकाल बहुतेक वेळा चारच पानांवर लागतो, आणि ती चार पाने म्हणजे चार रंगांच्या दश्श्या. या दश्शीलाच मेंढी म्हणतात. हात मोजत खेळणारा माणूस मेंढ्या गमावतो, आणि आपली गोष्ट नेमकी तशीच झालेली दिसते.

आधी मांडणी पाहू. चार खेळाडूंच्या दोन जोड्या पडतात आणि भिडू समोरासमोर बसतात, म्हणजे प्रत्येकाच्या उजवीकडे आणि डावीकडे प्रतिपक्षाचा माणूस येतो. जोकर बाजूला काढून 52 पाने पिसायची, वाटणाऱ्याच्या शेजाऱ्याकडून कॅट कापून घ्यायचा आणि उजवीकडून सुरुवात करून प्रथम पाच, मग चार, मग पुन्हा चार अशी प्रत्येकाला तेरा पाने द्यायची. वाटप आणि खेळ दोन्ही उजवीकडून पुढे सरकतात. पानांचा क्रम एक्का, राजा, राणी, गुलाम, दश्शी आणि मग नव्वीपासून दुर्रीपर्यंत उतरता असतो. दश्शीवर चार पाने भारी आहेत, हे आत्ताच मनात पक्के करून ठेवावे. पुढचे सगळे विवेचन त्याच्यावरच उभे आहे.

वाटणाऱ्याच्या उजव्या हाताचा खेळाडू पहिली उतारी करतो, म्हणजे हातातले पहिले पान टाकतो. उतरलेल्या रंगाचे पान हातात असेल तर तेच टाकावे लागते. मात्र त्या रंगातले कोणते पान टाकायचे हे ज्याचे त्याने ठरवायचे, वरचढ पान टाकण्याची सक्ती नसते. रंग नसेल तर कोणतेही पान टाकता येते, आणि ते हुकमाचे, म्हणजे बाकीच्या रंगांवर मात करणाऱ्या रंगाचे, असेल तर हात कापला जातो. हातावर हुकूम पडला असेल तर सर्वांत मोठ्या हुकमाचा, नाहीतर उतरलेल्या रंगातल्या सर्वांत मोठ्या पानाचा तो हात होतो, आणि जिंकणारा पुढची उतारी करतो. जिंकलेले हात जोडीतल्या एकाने जमवावेत, आणि ज्या हातात मेंढी आली असेल ती मेंढी उघडी करून समोर ठेवावी, म्हणजे कुणाकडे किती मेंढ्या झाल्या हे चौघांनाही दिसत राहते आणि नंतर वाद होत नाही.

निकालाचा नियम असा आहे की ज्या जोडीकडे तीन किंवा चार मेंढ्या येतील तिने डाव जिंकला. दोन-दोन अशी बरोबरी झाली तरच हात मोजायचे, आणि सात किंवा अधिक हात असलेली जोडी जिंकते. चारही मेंढ्या एकाच जोडीने घेतल्या तर तो कोट झाला, आणि तेराच्या तेरा हात घेतले तर तो बावन्न पानी कोट, जो क्वचितच दिसतो. वाटणाऱ्याची जोडी हरली तर त्यानेच पुन्हा वाटायचे, जिंकली तर वाटप उजवीकडे जाते. बावन्न पानी कोट बसला तर वाटप त्याच्या भिडूकडे जाते. साध्या विजयाला किती गुण आणि कोटाला किती, हे प्रत्येक बैठकीचे वेगळे असते, म्हणून पहिले पान वाटण्याआधी ठरवून घ्यावे.

हुकूम ठरवण्याच्या दोन पद्धती चांगल्या रुळलेल्या आहेत आणि त्या दोहोंनी खेळाचा स्वभाव बराच बदलतो. पहिली कट हुकमाची. तिच्यात डाव हुकमाशिवायच सुरू होतो, आणि ज्याला प्रथम रंग लागत नाही तो जे पान टाकेल त्याचा रंग त्या क्षणापासून उरलेल्या डावाचा हुकूम ठरतो. दुसरी बंद हुकमाची. तिच्यात वाटणाऱ्याच्या उजवीकडचा खेळाडू आपल्या हातातले एक पान पालथे ठेवतो आणि त्याचा रंग हा हुकूम असतो, पण तो उघडेपर्यंत इतरांना ठाऊक नसतो. पुढे एखाद्याला रंग लागेनासा झाला की तो हुकूम उघडायला सांगू शकतो. मग ते पान मालकाच्या हातात परत जाते आणि तेव्हापासून हुकमाचा अंमल सुरू होतो. उघडण्याआधी त्या रंगाचे पान दुसऱ्या रंगावर पडले असेल तर त्याला हुकमाचे बळ नसते. बंद हुकमात दोन गोष्टी आधी बोलून घ्याव्यात: पालथे पान पहिली पाच पाने पाहून ठेवायचे की तेराही पाहून, आणि हुकूम उघडायला सांगणाऱ्याने त्याच हातावर हुकूम टाकलाच पाहिजे की नाही. माझ्या मते तेरा पाने पाहून ठेवणे आणि उघडणाऱ्याकडे हुकूम असल्यास तो टाकणे बंधनकारक मानणे, असे धरले तर खेळ अधिक स्वच्छ होतो. रंग हातात असताना चुकून दुसरे पान टाकले गेले तर काय, हेही ठरलेले असावे. तो डाव प्रतिपक्षाला देणे हा सर्वांत सोपा उपाय आहे.

एवढ्यावर खेळ सुरू करता येतो. आता मेंढ्या का जातात ते पाहू.

नवीन खेळाडूला वाटते की एक्का आणि दश्शी एकाच रंगात आपल्याकडे आली म्हणजे ती दश्शी सुरक्षित आहे. वस्तुस्थिती नेमकी उलटी आहे. एका हातावर आपले एकच पान पडते, त्यामुळे आपला एक्का आपल्या दश्शीला कधीच झाकू शकत नाही. तो फार तर एक वेगळा हात जिंकतो आणि दश्शी हातात तशीच उघडी पडून राहते. दश्शीला खरा आधार असतो तो भिडूच्या एक्क्याचा, राजाचा किंवा हुकमाचा. आपली मेंढी आपण जिंकत नाही, भिडू ती जिंकून देतो, आणि त्याची मेंढी आपल्याला जिंकून द्यायची असते. हे एकदा अंगवळणी पडले की उतारी कोणती करायची, मोठे पान केव्हा टाकायचे, कोणता हात सोडून द्यायचा, हे सगळे प्रश्न वेगळ्या प्रकाशात दिसू लागतात.

पहिला परिणाम उतारीवर होतो. ज्या रंगात एक्का आहे पण दश्शी नाही, त्या रंगाचा एक्का डावाच्या सुरुवातीलाच उतरणे बहुधा फायद्याचे असते, कारण दश्शी भिडूकडे असेल तर त्याला ती निश्चिंतपणे टाकता येते. अर्थात ती भिडूकडेच असेल असे नाही. बाकीच्या तिघांपैकी कुणाकडेही ती असू शकते, म्हणजे तीन वेळांतून दोन वेळा ती प्रतिपक्षाकडेच निघेल, आणि मग आपला एक्का गेल्यावर त्यांच्या राजाच्या आडोशाने ती सुटेल. म्हणून एक्का आणि राजा दोन्ही असलेला रंग आधी उतरावा: एक्क्यावर भिडूला संधी मिळते, प्रतिपक्षाची दश्शी एकटी असेल तर ती पडते, आणि राजा पाठीमागे उभा असल्याने पुढच्या फेरीची सत्ताही आपल्याकडेच राहते. एक्क्याखाली नुसती बारीक पाने असलेला रंग मी शक्यतो दुसऱ्या कुणाला उतरू देतो. ज्या रंगात एक्का आणि दश्शी दोन्ही माझ्याकडे आहेत त्या रंगाला तर मी आपणहून हातच लावत नाही; तो रंग दुसऱ्याने उतरावा आणि भिडूच्या राजाने किंवा राणीने दश्शी झाकली जावी, याची वाट पाहणे तिथे शहाणपणाचे असते.

दुसरा परिणाम वेळेवर होतो, आणि इथे थोडे गणित उपयोगी पडते. समजा एका रंगाची चार पाने आपल्याकडे आहेत. उरलेली नऊ बाकीच्या तिघांत कशीही वाटली गेलेली असतील. पहिल्या फेरीत तिघांनाही रंग लागेल असे शंभरातून सुमारे 96 वेळा घडते. दोन फेऱ्या कुणाचाही रंग न तुटता निघण्याचे प्रमाण सुमारे 67 वर येते. तिसरी फेरीही तशीच निघायची तर नऊ पाने बरोबर तीन-तीन-तीन अशीच वाटली गेलेली असावी लागतात, आणि ते शंभरात 11 वेळाच होते. आपल्याकडे पाच पाने असतील तर हेच आकडे सुमारे 92 आणि 52 असे येतात, आणि तिसरी फेरी सलग निघणे अशक्यच असते, कारण बाहेर आठच पाने उरलेली असतात. याचा अर्थ असा की साध्या रंगातली मेंढी पहिल्याच फेरीत सुटली तर ती जवळजवळ नक्की घरी आली, दुसऱ्या फेरीत धोका पत्करून आणावी लागते, आणि तिसऱ्या फेरीपर्यंत जपून ठेवलेली मेंढी कुणाच्या तरी हुकमाखाली जाणार असे धरूनच चालावे. भिडूचा एक्का पडला आहे, आपल्याकडे दश्शी आणि दोन बारीक पाने आहेत, आणि तरीही पुढे पाहू म्हणून छक्की टाकायची, ही चूक मी शिकवायला बसलो की हटकून पाहतो.

बसण्याच्या जागेचा विचारही याच अंगाने करावा. हातावर चौथे म्हणजे शेवटचे पान आपले असेल तर सर्व काही समोर दिसत असते: भिडूचा हात होत असेल तर दश्शी तिथेच टाकावी, आणि आधीच्या तिन्ही पानांत गुलाम ते एक्का यांपैकी एकही नसेल, हुकूमही पडला नसेल, तर खुद्द दश्शीच तो हात जिंकते. तिसऱ्या जागेवर असाल तर भिडूने उतारी केलेली असते आणि आपल्यामागे एकच प्रतिपक्षी उरतो. भिडूचे पान एक्का असेल तरच दश्शी टाकावी, राजा असेल आणि एक्का अजून बाहेर असेल तर थांबावे. दुसऱ्या जागेवर मात्र दश्शी टाकणे बहुतेक वेळा घातक ठरते. तिथे बारीक पान टाकून भिडूच्या मोठ्या पानासाठी जागा मोकळी ठेवावी. स्वतःचा एक्कासुद्धा दुसऱ्या जागेवरून घाईने टाकू नये, मेंढी समोर पडलेली असेल तर गोष्ट वेगळी.

हुकमाच्या रंगातली मेंढी हा स्वतंत्र विषय आहे आणि मला तो या खेळातला सर्वांत सुंदर भाग वाटतो. कट हुकूम चालू आहे आणि आपली पाने अशी आली आहेत असे समजा: इस्पिकचा एक्का, राणी, दश्शी, सत्ती, पंजी, तिर्री; बदामचा राजा, अठ्ठी, चौकी; किलवरचा गुलाम, नव्वी, दुर्री; आणि चौकटची एकटी छक्की. उतारी आपली आहे. अशा वेळी चौकटची छक्की लगेच काढून टाकावी. तो हात कुणाचाही होवो, आपण चौकटमुक्त झालो आणि पुन्हा चौकट निघाली की हुकूम ठरवण्याचा अधिकार बहुधा आपला. आपण एकटे पान उतरले हे भिडूने ओळखले पाहिजे, आणि त्याच्याकडे उतारी आल्यावर त्याने चौकटच परत केली पाहिजे.

आता दुसरी चौकट निघाली, आणि इस्पिक टाकून कापायचे हे ठरले. कोणते इस्पिक? जवळजवळ प्रत्येक नवखा खेळाडू तिर्री टाकतो आणि दश्शी पुढच्यासाठी राखतो. इथे दश्शीच टाकावी. बाकीच्या तिघांत मिळून चौकटची बारा पाने होती. पहिल्या फेरीत तिघांनाही रंग लागला असेल, तर दुसऱ्या फेरीतही तिघांना तो लागण्याचे प्रमाण शंभरात सुमारे 92 आहे. ज्याला रंग लागतो तो आपल्या दश्शीवर हुकूम टाकूच शकत नाही. उरलेल्या थोड्या वेळांतही ज्याचा रंग तुटला तो आपल्यामागे खेळणारा प्रतिपक्षीच असला पाहिजे आणि त्याच्याकडे इस्पिकचा राजा किंवा गुलाम असला पाहिजे, तेव्हाच दश्शी जाईल, कारण एक्का आणि राणी आपल्याच हातात आहेत. एवढ्या सुरक्षितपणे हुकमाची मेंढी घरी येण्याची संधी त्या डावात पुन्हा येत नाही. उलट तिर्रीने कापून दश्शी मागे ठेवली, तर पुढे कुणीतरी हुकूम काढू लागले की राजा किंवा गुलाम तिच्यावर बसतो, आणि आपले एक्का-राणी नुसते पाहत राहतात. त्या हातात योगायोगाने चौकटची मेंढीही पडली असेल तर एका हातात दोन मेंढ्या आल्या आणि निम्मा डाव तिथेच झाला.

कट हुकमात एक बंधन ध्यानात ठेवावे. पहिल्यांदा रंग तुटणाऱ्याने टाकलेले पान, कोणतेही असो, हुकूमच ठरते. फेकण्यासाठी म्हणून नको असलेले पान टाकण्याची सोय तिथे नाही. म्हणून ज्याच्याकडे कोणताच लांब रंग नाही त्याने आपला रंग सर्वांत आधी तुटू देण्याची घाई करू नये. बंद हुकमात ही अडचण नसते. तिथे हुकूम उघडण्याआधी भिडूचा हात होत असेल आणि आपल्याला तो रंग नसेल, तर हुकूम उघडायला न सांगता दुसऱ्याच रंगाची मेंढी त्या हातावर टाकून देता येते, आणि ती पूर्ण मोजली जाते. मेंढी सोडवण्याचा हा अतिशय किफायतशीर मार्ग आहे आणि नवीन लोकांना तो सुचतच नाही, कारण रंग लागला नाही की कापायचे अशी मनाची सवय झालेली असते.

बंद हुकमात पालथे पान कोणते ठेवावे? रंग लांब असावा, पाच किंवा सहा पानांचा, हे उघड आहे. पान मात्र त्या रंगातले बारीक ठेवावे, कारण हुकूम उघडेपर्यंत ते आपल्याला वापरता येत नाही, आणि एक्का पालथा पडून राहिला तर त्या काळात तो रंग उतरला गेल्यास आपण पंगू होतो. दश्शी पालथी ठेवणारेही असतात, कारण ती तोवर कुणाच्या हाती लागत नाही. पण हुकूम उघडल्यावर ती परत हातातच येते आणि तिला सोडवण्याचा प्रश्न फक्त पुढे ढकललेला असतो. चार हुकूम असून वरची दोन पाने नसतील तर मी दुसरा रंग पाहतो.

हुकूम काढावेत की राखावेत, याला एकच उत्तर नाही. आपल्या जोडीच्या मेंढ्या अजून हातात आहेत, त्यांना झाकणारी मोठी पाने भिडूकडे असावीत असा अंदाज आहे, आणि भीती फक्त कापले जाण्याची आहे, अशा वेळी एक्क्यापासून हुकूम उतरून प्रतिपक्षाचे हुकूम संपवावेत. पण भिडूचा एखादा रंग तुटलेला दिसला असेल तर हुकूम काढणे म्हणजे आपल्याच माणसाचे हत्यार काढून घेणे होय. तिथे त्याच्या तुटलेल्या रंगाची मेंढी उतरून त्याला कापायला द्यावी. उतरतानाही मधला प्रतिपक्षी पाहावा: आपल्या उजवीकडच्याचा तो रंग शिल्लक असला पाहिजे, आणि डावीकडचा, जो भिडूनंतर खेळतो, त्याचाही.

यासाठी मोजदाद लागते, आणि 52 पाने लक्षात कशी ठेवायची या धास्तीने पुष्कळ जण मोजणेच सोडून देतात. तेवढी गरज नाही. प्रत्येक रंगाची एक्क्यापासून दश्शीपर्यंतची पाच पाने, अशी एकूण 20 पाने लक्षात ठेवली की पुरते. त्यातही आपल्या हातातली पाने वजा होतात. सुरुवातीला तर फक्त हुकूम किती निघाले आणि कोणत्या रंगाचा एक्का अजून बाहेर आहे एवढेच मोजावे. महिनाभरात बाकीची पाने आपोआप डोळ्यांसमोर राहू लागतात. एखाद्या रंगाचे एक्का, राजा, राणी, गुलाम निघून गेले की त्या रंगाची दश्शी सर होते, म्हणजे त्या रंगातले सर्वांत मोठे पान ठरते, मग तिला फक्त हुकमाची भीती उरते.

बंद हुकमात मोजताना एक पान हमखास सुटते, ते म्हणजे पालथे ठेवलेले पान. माझाच एक डाव सांगतो. मेंढ्या दोन-दोन झाल्या होत्या, आमचे सहा हात, त्यांचे पाच, आणि दोन हात शिल्लक. सातवा हात मिळाला की डाव आमचा. उतारी माझी होती आणि हातात किलवरचा एक्का व चौकटची पंजी होती. हुकूम संपले असे मी धरून चाललो होतो, कारण मी मोजले होते ते फक्त टेबलावर पडलेले बारा आणि तेरावे पान उजवीकडच्याने आरंभी पालथे ठेवले होते हे विसरलो होतो. उघडल्यावर ते त्याच्या हातात परत गेले होते आणि अजून तिथेच होते. मी एक्का उतरला, त्याने तो कापला. भिडूकडे चौकटचा राजा आणि बदामचा गुलाम होता. किलवर नसल्याने त्याला दोहोंपैकी एक फेकावे लागले आणि त्याने गुलाम फेकला. उजवीकडच्याने शेवटचे पान बदामची नव्वी उतरली, आणि ती अडवायला कुणाकडे बदाम नव्हते. सात हात त्यांचे झाले.

हाच डाव चौकटच्या पंजीने उतरला असता तर? उजवीकडच्याकडे चौकट नव्हती. त्याने कापले असते तर भिडूचा राजा रंग लागतो म्हणून त्या हातावर पडला असता आणि बदामचा गुलाम मागे उरला असता, मग शेवटची नव्वी गुलामाने घेतली असती. त्याने कापले नसते आणि नव्वीच फेकली असती, तर राजाचाच हात झाला असता. दोन्ही बाजूंनी सातवा हात आमचा. किलवरचा एक्का त्या स्थितीत तसाही मेलेला होता, कारण उजवीकडच्याकडे किलवर नाही हे आधीच दिसले होते. आणि चौकटचा राजा व बदामचा गुलाम अजून निघाले नाहीत हे त्या 20 पानांच्या हिशेबात माझ्याजवळ होते. तेरावा हुकूम मोजला असता तर निर्णय अवघड नव्हता. तेव्हापासून हुकूम उघडला की ते पान कुणाकडे परत गेले हे मी मनात नोंदवतो आणि ते पडेपर्यंत विसरत नाही.

डावाच्या मध्यावर प्रत्येकाने एकदा थांबून मेंढ्यांची स्थिती पाहावी, कारण तिच्यानुसार हातांची किंमत बदलते. पहिल्या पाच-सहा हातांत मेंढी नसलेला हात जिंकण्यासाठी एक्का खर्च करणे सहसा परवडत नाही. एकदा दोन-दोन झाले की मात्र प्रत्येक हात सारख्याच मोलाचा होतो आणि तेव्हा सातापर्यंत सरळ मोजत जावे. प्रतिपक्षाकडे तीन मेंढ्या गेल्या तर डाव गेलाच, पण कोट वाचवायचा असतो. तिथे हात, हुकूम, एक्के सगळे पणाला लावून चौथी मेंढी मिळवावी. आपल्याकडे तीन असतील तर चौथीच्या मागे जरूर लागावे, कारण डाव पक्का झालेला असल्याने गमावण्यासारखे काही उरलेले नसते.

भिडूशी बोलणे, खुणा करणे, पान टाकताना चेहऱ्याने किंवा हाताने सुचवणे हे वर्ज्य आहे, आणि ते कटाक्षाने पाळले तरच हा खेळ खेळण्याच्या लायकीचा राहतो. बोलायचे ते पानांनी. भिडूने उतरलेला रंग परत करणे, एकटे पान लवकर काढून टाकणे, ज्या रंगात आपल्याकडे मोठे पान काहीच नाही त्याची बारीक पाने आधी फेकणे, एवढ्या साध्या गोष्टींतून समोरच्याला बरेच कळते. म्हणून नवीन असताना भिडू वारंवार बदलू नये. एकाच माणसाबरोबर तीसचाळीस डाव झाले की तो एक्का केव्हा उतरतो आणि केव्हा राखतो हे समजू लागते, आणि तिथून मेंढ्या सुटायला लागतात.

चौघांऐवजी सहा जण जमले तर चारही दुर्र्या काढून टाकाव्यात, 48 पाने सहा जणांना आठ-आठ वाटावीत आणि तिघातिघांचे दोन पक्ष एकाआड एक बसवावेत. बाकी नियम तेच राहतात, पण हात आठ असल्याने मेंढ्या दोन-दोन आणि हात चार-चार अशी पूर्ण बरोबरी होऊ शकते. असा डाव रद्द धरायचा की शेवटचा हात घेणाऱ्याला द्यायचा, हे आधीच ठरवून ठेवावे. सहा जणांत रंग पहिल्या दुसऱ्या फेरीतच तुटतात, त्यामुळे वर सांगितलेली प्रमाणे तिथे लागू पडत नाहीत, आणि भिडूच्या एक्क्यावर दश्शी टाकायला पहिल्या फेरीपलीकडे थांबणे जवळजवळ कधीच जमत नाही.